आधी फुलले ते भांड्यात, शेवटी फुलले ते बियाण्याला



माघ सरून ऊन तापू लागले की आपल्या वाफ्यांतील मेथी, कोथिंबीर, शेपू, मुळा भराभर फुलावर येतात. खडेबाजारात अशा पेंडीकडे गिऱ्हाईक पाहत नाही. मग कोणी ती जनावरांपुढे टाकतो, कोणी वाफाच मोडून टाकतो. बियाणे, पाणी, खुरपणीची मजुरी सारे मातीत जाते. जनावरांना घालणे वाईट नाही. पण घरातल्या ताटात पालेभाजी नसताना बांधावर ती वाळावी, हे बरे नव्हे.

असे का होते ते पाहू. रोप पुरते वाढले, दिवस मोठा झाला, उष्मा वाढला किंवा पाण्याची ओढ बसली, की रोपाला बी धरण्याची घाई होते. पानांतील सत्त्व देठाकडे व तुऱ्याकडे जाते. पान लहान, जून व कडसर होते. निपाणीकडील तंबाखूवाल्यांना हे शिकवायला नको. फूल दिसताच ते शेंडा खुडतात, म्हणजे जोर पानांत राहतो. तीच रीत मेथीला व माठाला लावावी. कळी दिसताच चार बोटे शेंडा खुडून भाजीला घ्यावा व वाफ्याला हलके पाणी द्यावे. बगलेला फूट येऊन बहुधा आणखी एखादा तोडा मिळतो. खुडणी सकाळी, ऊन चढण्यापूर्वी करावी.

आपल्याकडे भाकरीबरोबर मेथी, कांदापात, मुळा, हक्करकी कच्ची खाण्याची चाल आहे. ती चांगलीच आहे. मात्र फूल आल्यावर ही पाने कच्ची न खाता शिजवावीत. मेथीचे जून देठ काढून पाने व कळ्या तूरडाळीबरोबर घोटाव्यात. थोडी चिंच व गूळ घातला की कडूपणा जाणवत नाही. हक्करकी किंवा पाथरीला पिवळी फुले आली की चीक व कडूपणा वाढतो. ती उकळत्या पाण्यातून काढून, पिळून, लसणाची फोडणी द्यावी. लेट्यूस हीदेखील त्याच कुळातली. तिलाही हाच उपाय लागू. कांद्याचे डेंगळे कोवळे असता चिरून, बेसन पेरून भाजी करावी. बंगालात तर ते पेंड्या बांधून विकतात. कोथिंबिरीचे हिरवे धणे चटणीत वाटावेत. शेपूचे तुरे युरोपात काकडीच्या लोणच्यात घालतात, तसे आपणही घालून पाहावेत. मुळा आतून जून झाला तरी त्याच्या डिंगऱ्या नखाने सहज तुटतील तोवर खुडाव्यात. कोशिंबिरीला व भाजीला दोन्हीकडे चालतात. दक्षिण चीनमध्ये मोहरीच्या जातीची एक भाजी कळ्याफुलांसकट कोवळे देठ मिळावेत म्हणूनच लावतात. तेव्हा फूल हा दोष आहे, हे केवळ आपल्या बाजाराने ठरवले आहे.

काही पथ्ये मात्र पाळावीत. फुलोऱ्यावर मावा फार येतो व कोणी औषध मारतो. औषध मारलेला वाफा, डब्यावर लिहिलेले दिवस भरेपर्यंत, घरच्या चुलीवर येऊ देऊ नये. फुलांवर मधमाश्या असतात. दिवसा औषध मारल्यास त्या मरतात व बियांचे नुकसान होते. ज्यांना मुतखड्याचा त्रास आहे त्यांनी पालक, चुका, माठ यांबाबत डॉक्टरांचा सल्ला घ्यावा. अनोळखी झुडपाची फुलावरची पाने भाजीत मिसळू नयेत; धोतऱ्यासारखे विषारी तण भाजीत आल्याने माणसे आजारी पडल्याची उदाहरणे आहेत.

आता मुख्य गोष्ट. वाफ्यात जे रोप सर्वांत आधी फुलते, त्याचेच बी आधी पिकते. आणि घाईत तेच आपण डब्यात भरून ठेवतो. असे वर्षानुवर्षे केले की घरचे बियाणे लवकर फुलणारे होत जाते. मग भाजी चार दिवसही बाजारजोगी राहत नाही आणि आपण दोष देतो हवेला. याच्या उलट करावे. आधी फुललेली रोपे उपटून भाजीला घ्यावीत. सर्वांत उशिरा फुलणारी, भरदार पानांची २०-२५ रोपे दोरा बांधून राखावीत व त्यांचेच बी धरावे. एका वर्षात फरक दिसणार नाही, पण काही हंगामांत दिसेल. शिवाय सारा वाफा एकदम न पेरता १०-१५ दिवसांच्या अंतराने थोडा थोडा पेरला, तर सगळीच भाजी एकदम फुलावर येत नाही.

बियाण्याचा डबा बहुतेक घरी बायाच सांभाळतात. म्हणून कोणते रोप राखायचे हे पुरुषांनी परस्पर ठरवू नये. वाफा मोडण्यापूर्वी दोघांनी मिळून त्यात एक फेरी मारावी आणि दोरा त्याच दिवशी बांधावा.