मरणाचं कारण कुणाच्या गळ्यात?

ज्येष्ठी पौर्णिमा जवळ आली की आपल्या गटांमध्ये दरवर्षी तोच वाद निघतो. वडाला जाणाऱ्या बाईला काय म्हणायचं? काही जणी म्हणतात, तिला एक दिवस घराबाहेर पडायला मिळतं, ठेवणीतली साडी नेसता येते, चार बायका भेटतात. जाऊ द्या की. काही जणी सात जन्मांची थट्टा करतात. सिडको-हडकोतल्या वसाहतींत तर झाडही लागत नाही, बाजारातून आणलेली फांदी कुंडीत खोचली की झालं. मग फांदी तोडली म्हणून पर्यावरणावर भाषण होतं. हे सगळं ऐकताना मला वाटतं, आपण त्या सुताचं एकच टोक धरून बसलो आहोत.

कारण हे सूत मोठं विलक्षण आहे. चार पैशांचं, पण त्याची सत्ता काळावर चालते म्हणतात. सात फेऱ्या घातल्या की पुढचे सात जन्म बांधले जातात. ते ठीक, पुढचा जन्म कुणी पाहिलेला नाही. पण हे सूत मागेही जातं, त्याचं काय? नवरा आज गेला तर त्याचं कारण कालच्या उपासात शोधलं जातं, लग्नात ओलांडलेल्या मापात शोधलं जातं, 'पांढऱ्या पायां'त शोधलं जातं. बायको व्रत करते म्हणून नवरा जगतो, हे एकदा मान्य केलं की तो मेला तर कुणामुळे मेला, याचं उत्तर आधीच तयार असतं. 'नवऱ्याला खाल्लं' हे वाक्य तेराव्याला ऐकू येत असेल, पण ते शिकवलं जातं वडाखाली, आनंदाने, नव्या साडीत.

गंमत अशी की मूळ कथेत यातलं काहीच नाही. महाभारताच्या वनपर्वात मार्कंडेय ही गोष्ट युधिष्ठिराला सांगतो. सत्यवानाचं आयुष्य वर्षभरच उरलं आहे, हे नारद लग्नाआधीच सांगतो आणि सावित्री ते ऐकून, समजून त्यालाच वरते. तिने उपास केला, तीन रात्रींचा. तरी मरण ठरल्या दिवशी आलंच. तिथे सात फेऱ्या नाहीत, सात जन्म नाहीत. दोर आहे तो एकच, यमाच्या हातातला पाश. आणि सावित्री यमामागे चालत जाते ती बोलत बोलत. सासऱ्याचे डोळे मागते, त्याचं राज्य मागते, बापाला शंभर मुलगे मागते, मग स्वतःला शंभर मुलगे मागते. यम 'दिले' म्हणतो आणि अडकतो, कारण नवरा नसताना मुलगे कसे होणार? वादात तिने यमाला कार्यकारणात पकडलं. अशा वाद घालणाऱ्या बाईच्या नावाने आपण मुलींना गप्प बसून उपास करायला शिकवतो! आणि सत्यवानाचं मरण त्या कथेत कुणी सावित्रीच्या माथी मारत नाही.

बुलढाण्याच्या ताराबाई शिंद्यांनी १८८२ साली 'स्त्री-पुरुष तुलना'त विचारलंच होतं, की सावित्री नवऱ्यासाठी यमापर्यंत गेली, तसा बायकोसाठी त्या वाटेला लागलेला एखादा नवरा कुणी ऐकला आहे का. जोतीरावांनी 'सत्सार'मध्ये त्यांची बाजू घेतली. बाकीच्यांना ते पुस्तक झोंबलं.

आता आपल्याच शहराचं बघा. जून २०२२ मध्ये, तेव्हाच्या औरंगाबादेत, पत्नीपीडित पुरुषांच्या एका संघटनेने वटपौर्णिमेच्या आदल्या दिवशी पिंपळाला १०८ फेऱ्या घातल्या. मागणं काय, तर हीच बायको पुन्हा मिळू नये. वर्तमानपत्रांना हसायला बातमी मिळाली. मला हसू आलं नाही. बायकांच्या सुतात एवढी ताकद आहे, की ती तोडायला १०८ फेऱ्या घालाव्यात, असंच हे पुरुषही म्हणत होते. थट्टा करायची म्हटली तरी जबाबदार बाईच.

आणि हे सगळं मराठवाड्यात! २०२३ या एका वर्षात विभागीय आयुक्तालयाच्या नोंदीनुसार आपल्या आठ जिल्ह्यांत १,०८८ शेतकऱ्यांनी आत्महत्या केल्या. बीडमध्ये २६९, आपल्या जिल्ह्यात १८२. त्यातल्या कितीतरी घरांत मागे बाई उरली. घरात तिला सांगितलं जातं, तुझ्या पायगुणाने गेला. मग ती मदतीचा अर्ज करते. तिथे २००६ च्या शासन निर्णयाच्या अटी. जमीन कुटुंबाच्या नावावर हवी. कर्ज बँकेचं, सोसायटीचं किंवा परवानाधारक सावकाराचं हवं. वसुलीचा तगादा हवा. गावातल्या बिनपरवाना सावकाराचं कर्ज धरत नाहीत. पंचनाम्यात 'दारू' किंवा 'घरगुती भांडण' आलं की प्रकरण 'अपात्र'. घरगुती भांडण म्हणजे कुणाशी, हे सांगायला नको. म्हणजे घरात तीच कारण, कागदावरही तीच. बियाण्याचा खर्च, कापसाचा भाव, कोरडी विहीर, हात वर करणारा विमा, सगळे सुटले. एक लाखाची मदत, त्यातले तीस हजार हातात आणि सत्तर हजार ठेवीत. तेवढ्यासाठीही नवरा कशाने मेला हे तिलाच सिद्ध करावं लागतं.

मे २०२२ मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाडने कुंकू पुसणं, बांगड्या फोडणं, मंगळसूत्र तोडणं, जोडवी काढणं बंद करण्याचा ठराव केला. १७ मे रोजी शासनाने इतर ग्रामपंचायतींना तसंच करण्याविषयी परिपत्रक काढलं. चांगलं झालं. पण ठरावाने बांगड्या वाचल्या तरी दोष तिच्यावरच राहिला, तर काम अर्धंच झालं.

म्हणून मैत्रिणींनो, वडाला जाणाऱ्या बाईशी भांडू नका, तिच्या साडीवर आणि सात जन्मांवर हसू नका. तिला फक्त एक विचारा: तुमच्या गल्लीतल्या विधवेने कुठला उपास मोडला होता? ती थांबेल. निदान त्या विधवेचा चेहरा तिच्या डोळ्यांपुढे येईल. आणि आपण आपल्याकडून पुढच्या पौर्णिमेपर्यंत एक काम करू. आपापल्या तालुक्यातली अपात्र ठरलेली प्रकरणं माहितीच्या अधिकारात मागवू. 'कारण' या रकान्यात काय लिहिलंय, ते त्या त्या बाईसोबत बसून वाचू. तिला ते मान्य नसेल तर तिच्या शब्दांत पुन्हा लिहून काढू आणि जिल्हाधिकाऱ्यांकडे नेऊ.