बागेतले अपूर्णांक

नरखेड तालुक्याची ओळख संत्र्याची. इथल्या मुलांना अपूर्णांक वहीच्या आधी बागेत भेटतो.

समजा, साडेसात एकरांपैकी २/३ भागात संत्रा आहे आणि त्या संत्र्याच्या ३/५ भागावर आंबिया बहार धरला आहे. बहार किती एकरांवर? साडेसातचे २/३ म्हणजे ५ आणि पाचाचे ३/५ म्हणजे ३ एकर. भागाचा भाग काढायचा तर गुणाकार, हे इथे डोळ्यांना दिसते.

आता भागाकार. डिंक्या रोग रोखण्यासाठी झाडांच्या खोडांना बोर्डो मलम लावायचे आहे. मलम साडेबारा लिटर, एका झाडाला पाव लिटर. एका लिटरात चार झाडे होतात, म्हणून साडेबारा लिटरात ५०. भागूनही उत्तर वाढले कसे, हे कोडे इथेच सुटते. पाव म्हणजे १/४, तो उलटा केला की ४, आणि साडेबाराला चाराने गुणले की ५०. भाजक उलटा करून गुणायची ही रीत भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त (इ. स. ११५०) आहे. पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दीडकी हे अपूर्णांकांचे पाढे तर आपल्या आजोबांना तोंडपाठ असत.

शाब्दिक उदाहरणात मूल बहुधा आकडेमोडीपूर्वीच अडते. काय दिले आहे आणि काय विचारले आहे, हेच त्याला उमगत नाही. ते उमगल्याशिवाय रीत पाठ करून घेणे व्यर्थ आहे.

शिक्षकांनो, पालकांनो, या बहारात मुलांना बागेत न्या. त्यांना तिथलेच एक उदाहरण स्वतः रचू द्या. मग ते सोडवायला सांगा.