तो बेसूर देवाने रचलेला नव्हता



एखाद्या घरी मृत्यू झाला की आपण सांत्वनाला जातो, रोझरी म्हणतो आणि निघताना एक वाक्य हमखास बोलतो, "देवाची इच्छा!" मीही कितीतरी घरांत ते बोललो आहे. एकदा एका आईने मला थांबवलं. तिचा तरुण मुलगा अपघातात गेला होता. ती म्हणाली, "भाऊ, कोणीतरी दारू पिऊन गाडी चालवली आणि माझं लेकरू गेलं. ही देवाची इच्छा कशी?" मी खाली मान घालून बाहेर पडलो.

पुढे एका कल्पित जगाची उत्पत्तिकथा वाचताना मला त्या आईचा प्रश्न पुन्हा आठवला. 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मुळे जे. आर. आर. टॉल्किन हे नाव आपल्या तरुणांना ठाऊक आहे. ते श्रद्धावंत कॅथलिक होते. वडील लहानपणीच वारले, बाराव्या वर्षी आई गेली आणि एक धर्मगुरू त्यांचे पालक झाले. १९१६ साली ते सोमच्या लढाईत होते. त्या महायुद्धात त्यांचे जिवलग मित्र मारले गेले. दुःख त्यांनी नुसतं पुस्तकात वाचलेलं नव्हतं.

त्यांच्या मृत्यूनंतर, १९७७ साली, मुलाने संपादित केलेलं 'द सिल्मरिलियन' प्रसिद्ध झालं. त्याच्या सुरुवातीलाच ही कथा आहे. एकमेव देव इलुवातार आपल्या देवदूतांसारख्या आत्म्यांना एक सुरावट देतो आणि ते सारे मिळून गाऊ लागतात. त्यांच्यातला सर्वांत सामर्थ्यवान मेल्कोर स्वतःच्या मोठेपणासाठी मध्येच आपलेच सूर घुसडतो. शेजारी गाणारे गोंधळतात, काही थांबतात, काही त्याच्याच सुरात सूर मिसळतात. इलुवातार गाणं बंद पाडत नाही. तो दुसरी सुरावट देतो, मग तिसरी. ही तिसरी संथ आणि खोल असते. तिच्यात अपार दुःख असतं आणि तिचं सौंदर्य मुख्यतः त्या दुःखातूनच आलेलं असतं. मेल्कोरचा गोंगाट तिला बुडवू पाहतो, पण त्याचेच सर्वांत चढे सूर ती आपल्यात विणून घेते.

याच गाण्यातून पुढे जग घडतं. मेल्कोरने पाण्याचा नाश करण्यासाठी कडाक्याची थंडी आणली, तर त्यातून बर्फाची नाजूक नक्षी झाली. त्याने अतोनात उष्णता आणली, तर त्यातून ढग आणि पाऊस आले.

ही कथा म्हणजे पवित्र शास्त्र नव्हे. पण तिने मला एक फरक नीट दाखवला. बेसूर इलुवातारने रचला नव्हता. तरी तो त्याच्या हाताबाहेरही गेला नव्हता. वाईट घडवणं वेगळं आणि वाइटातून चांगलं घडवणं वेगळं. योसेफाला त्याच्या भावांनी विकलं ते मत्सराने. देवाने त्यातूनच पुढे अनेकांचे प्राण वाचवले, पण म्हणून भावांचं पाप पुण्य ठरलं नाही.

आपण घाईने "देवाची इच्छा" म्हणतो, तेव्हा मेल्कोरचे सूर देवाच्या नावावर लिहितो. त्या आईला मी नकळत हेच सांगत होतो, की तुझ्या मुलाला मारणारा देवच आहे.

कोणी म्हणेल, ईयोबानेही म्हटलंच ना, की परमेश्वराने दिलं आणि परमेश्वराने नेलं? खरं आहे. पण ते त्याने स्वतःच्या दुःखात, स्वतःच्या तोंडाने म्हटलं. एखादी विधवा तसं म्हणाली, तर तिच्या श्रद्धेपुढे मी नतमस्तक होईन. दुसऱ्याच्या दुःखाचा अर्थ लावणाऱ्या त्याच्या मित्रांवर मात्र देवाचा कोप झाला. ते मित्र आधी सात दिवस मुकाट्याने त्याच्यापाशी बसले होते. तेवढंच त्यांनी नीट केलं!

लाजराच्या कबरेकडे जाताना प्रभू येशूने मरीयेला कारणं सांगितली नाहीत. तो रडला. लाजराला उठवणार हे ठाऊक असूनही रडला. आणि पुनरुत्थानानंतरही त्याच्या हातांवरचे घाव पुसले गेले नाहीत. त्या घावांसहच तो आता गौरवात आहे.

म्हणून पुढच्या वेळी सांत्वनाला जाल तेव्हा ते वाक्य ओठांवरच थांबवा. जवळ बसा, रडू द्या, जमलं तर दुसऱ्या दिवशी डबा घेऊन पुन्हा जा. तिसरी सुरावट देवाची आहे आणि ती संथ आहे. ती आपण घाईने संपवायची नाही.