पुरावा आमच्या आयाबहिणींचा, तपासणी कोणाची?

गर्भाशयाच्या मुखाच्या कर्करोगाने २०२२ या एका वर्षात आपल्या देशातील सुमारे ८० हजार स्त्रियांचा बळी घेतला, असा जागतिक अंदाज आहे. वेळीच तपासणी झाली तर हा रोग टळतो. मग या बाया रोगाने मेल्या की व्यवस्थेने मारल्या?

केंद्र सरकारने २०१६ साली नियम केला. ३० ते ६५ वयाच्या प्रत्येक स्त्रीची दर पाच वर्षांनी तपासणी करायची. गर्भाशयाच्या मुखाला सौम्य अ‍ॅसेटिक आम्ल लावायचे, पांढरा डाग उठला तर पुढे पाठवायचे. मोठे यंत्र लागत नाही. तरी २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात ३० ते ४९ वयाच्या शंभर स्त्रियांमागे दोघींचीही तपासणी झालेली नव्हती!

आम्हाला चीड येते ती पुढच्या गोष्टीची. ही तपासणी जीव वाचवते हे सिद्ध झाले कोठे? मुंबईच्या झोपडपट्ट्यांत आणि उस्मानाबाद (आताच्या धाराशिव) जिल्ह्यातील खेड्यांत! मुंबईत १९९८ पासून दहावी शिकलेल्या आरोग्यसेविकांनी हीच आम्लाची तपासणी केली आणि मृत्यू ३१ टक्क्यांनी घटले. उस्मानाबादेत एचपीव्ही विषाणूच्या एकाच चाचणीने मृत्यू जवळपास निम्म्यावर आले. हा निष्कर्ष २००९ साली जगापुढे आला. अभ्यास चालू असताना तुलनेसाठी हजारो स्त्रिया तपासणीविना ठेवल्या गेल्या, हेही विसरता येत नाही. २०२१ साली जागतिक आरोग्य संघटनेने एचपीव्ही चाचणीलाच अग्रक्रम दिला. जगाला पुरावा देणारी बाई मात्र आजही दुखणे अंगावर काढते आहे.

बाया येत नाहीत, असे अधिकारी सांगतात. कशा येतील? तपासणीला गेले की दिवसाची मजुरी बुडते. खोलीला पडदा नसतो. अंगावरून पांढरे जाते हे परक्या पुरुषाला सांगायचे कसे? बाळंतपणाचा भार सरकारने उचलावा, असे बाबासाहेबांनी १९२८ सालीच मुंबईच्या विधिमंडळात ठणकावले होते. तोच न्याय येथेही लागू होतो. बुडालेली मजुरी द्या, स्त्री कर्मचारी द्या, एचपीव्ही चाचणी गावात आणा.

आपणही गप्प बसू नये. विहारातील महिला मंडळांनी वस्तीतील तिशीपुढच्या स्त्रियांची यादी करावी आणि आरोग्य केंद्रावर एकत्र जावे. एचआयव्हीसह जगणाऱ्या भगिनींनी पंचविशीपासूनच तपासणी करून घ्यावी. त्रास होण्याची वाट पाहू नये. त्रास सुरू होतो तेव्हा बहुधा उशीर झालेला असतो. ही तपासणी म्हणजे कोणाची मेहेरबानी नव्हे, तो आमच्या आयाबहिणींचा हक्क आहे!