मुदतीनंतरचीं अपिलें

जमिनीच्या तंट्यांत हरलेल्या पक्षानें अपिलाची मुदत संपून वर्षें लोटल्यावर कोर्टाचें दार ठोठवावें आणि ‘विलंब माफ व्हावा’ एवढा अर्ज जोडून जुना निकाल पुन्हा उकरावा, हा प्रकार आतां इतका नित्याचा झाला आहे कीं, त्याचें कोणास विशेष वाटेनासें झालें आहे. आम्हांस मात्र तो गंभीर वाटतो. ज्याच्या बाजूनें निकाल लागला त्याच्या हातीं हुकूमनामा येतो. पण जमीन विकण्यास, गहाण ठेवण्यास किंवा तींत विहीर खणण्यास जी निश्चिति लागते ती येत नाहीं.

१९६३ च्या मुदतीच्या कायद्याप्रमाणें दिवाणी हुकूमनाम्यावर जिल्हा कोर्टांत ३० दिवसांत व हायकोर्टांत ९० दिवसांत अपील करावें लागतें. नक्कल मिळण्यास लागलेले दिवस त्यांतून वगळले जातात. महाराष्ट्रांत महसुली अधिकाऱ्यांच्या निर्णयांवर अपिलास ६० किंवा ९० दिवस मिळतात. शिवाय ‘पुरेसें कारण’ दाखविल्यास उशीर माफ करण्याची सवड कायद्यानेंच ठेविली आहे. ती असावी, याविषयीं आमचें दुमत नाहीं. पोट भरण्यास मुंबईस गेलेल्या मनुष्याच्या पाठीमागें तलाठ्याच्या दप्तरीं फेरफार व्हावा, नोटीस भाऊबंदांनीं परस्पर घ्यावी आणि त्यास हें कळेपर्यंत मुदत निघून जावी, असें घडतें. अशा मनुष्यास दार बंद करणें हा न्याय नव्हे.

परंतु या दयेवर आज हक्क सांगतो कोण? १९८७ सालीं काश्मिरांतील भूसंपादनाच्या एका प्रकरणांत सुप्रीम कोर्टानें विलंबाकडे उदार दृष्टीनें पाहावें असें सांगितलें. तेथें उशीर अवघा चार दिवसांचा होता! चार दिवसांसाठीं उघडलेल्या त्या ओसरीवर सरकारी खात्यांनीं पुढें बिऱ्हाडच थाटलें. फाईल या टेबलावरून त्या टेबलावर गेली, सरकारी वकिलाचा अभिप्राय उशिरा आला, साहेबांची बदली झाली, हीं कारणें आतां पाठ झालीं आहेत. सरकारास निराळी मुदत नाहीं, असें २०१२ सालीं टपाल खात्याच्या ४२७ दिवसांच्या उशिरावर निकाल देतांना सुप्रीम कोर्टानें बजावलें. तरीही कर्नाटकाच्या गृहनिर्माण मंडळानें एका जमिनीच्या दाव्यांत ३,९६६ दिवस, म्हणजे जवळजवळ अकरा वर्षें, उशिरा अपील केलें आणि हायकोर्टानें तो उशीर माफ केला. ती माफी सुप्रीम कोर्टानें सप्टेंबर २०२५ मध्यें रद्द केली. पण मूळ वादी बाई तोंवर मरण पावली होती आणि तिचे वारस कोर्टांत उभे होते.

उलट बाजूही सांगितली पाहिजे. आंध्रांतील तेलुगु गंगा प्रकल्पांत जमीन गेलेल्या कांहीं जणांच्या वारसांनीं वाढीव मोबदल्यासाठीं ५,६५९ दिवस उशिरा अपील केलें; २०२४ सालीं सुप्रीम कोर्टानें तें ऐकून घेण्यास नकार दिला. निकाल कठोर खरा, पण आमच्या मतें योग्यच. तोच गज सरकारी खात्यांस खालच्या पायरीवर, पहिल्याच दिवशीं लावला जावा, एवढेंच आमचें मागणें आहे. पदरचा वकील नसलेल्या वादीनें तो गज लागावा म्हणून दिल्लीपर्यंत कां जावें?

२०२० सालीं मध्य प्रदेश सरकारच्या ६६३ दिवसांच्या विलंबाबद्दल सुप्रीम कोर्टानें २५,००० रुपये भरावयास लावून ते जबाबदार अधिकाऱ्यांकडून वसूल करण्यास सांगितलें. ही रीत अपवाद राहूं नये. माफीच्या प्रत्येक अर्जांत कागद कोणाच्या मेजावर किती दिवस पडला होता हें तारीखवार लिहिलेलें असावें, आणि हुकूमनाम्याची रक्कम कोर्टांत भरल्यावांचून तो अर्ज सुनावणीसच घेऊं नये.

आमच्या व्यापारी वाचकांनीं यांतील व्याजाचा हिशेब पाहावा. भूसंपादनाच्या कायद्यांत वाढीव मोबदल्यावर पहिल्या वर्षीं शेंकडा ९ व पुढें शेंकडा १५ व्याज आहे. दहा वर्षें कपाटांत निजलेल्या एका फाइलीपायीं मुद्दलाच्या जवळजवळ दीडपट व्याज चढतें, आणि तें कारकुनाच्या पगारांतून कापलें जात नाहीं, करांतून जातें. एखाद्या पेढीवर मुनिमानें हुंडीची मुदत अशी चुकविली तर शेटजी त्यास दुसऱ्या दिवशीं गादीवर बसूं देतील काय?