गृहकर्जाची खरी किंमत : कोहक्यातील घर आणि वीस वर्षांचा हिशेब

भिलाई - पोलाद कारखान्याच्या वसाहतीत नोकरीचा सारा काळ काढलेल्या कुटुंबापुढे निवृत्ती जवळ येऊ लागली की एक प्रश्न हटकून उभा राहतो. कंपनीचे क्वार्टर सोडल्यावर जायचे कोठे? त्याचे उत्तर अनेकांना कोहक्यात सापडते. मुंबई-हावडा लोहमार्गाच्या उत्तरेस, सुपेल्याच्या पलीकडे असलेले कोहका हे एकेकाळचे गाव. आज ते भिलाई महापालिकेच्या हद्दीत असून शेतांच्या जागी भूखंड, घरे आणि सदनिका उभ्या राहिल्या आहेत. या घरांपैकी बहुतेकांच्या पायाखाली बँकेचे किंवा गृहवित्त कंपनीचे कर्ज असते.

घर घेताना चर्चा होते ती मासिक हप्त्याची. हप्ता पगारात बसला की व्यवहार ठरतो. मात्र त्या हप्त्यातून वीस वर्षांत एकूण किती रक्कम जाणार, व्याजदर बदलल्यास काय होणार आणि निवृत्तीच्या दिवशी किती कर्ज शिल्लक राहणार, या प्रश्नांची उत्तरे सही करताना फारच थोड्यांकडे असतात.

वसाहतीचे शहर, घराची चिंता

सोव्हिएत संघाच्या साहाय्याने भिलाईचा कारखाना उभारण्याचा करार १९५५ मध्ये झाला आणि तत्कालीन राष्ट्रपती डॉ. राजेंद्र प्रसाद यांच्या हस्ते ४ फेब्रुवारी १९५९ रोजी पहिल्या झोतभट्टीचे उद्घाटन झाले. १९५६ पर्यंत दुर्ग जिल्हा ज्या प्रांतात होता, त्याची राजधानी नागपूर होती. त्यामुळे विदर्भातील मराठी कुटुंबांना हा मुलूख परका नव्हता. कारखान्यात नोकरी लागली, क्वार्टर मिळाले, मुले येथेच शिकली. छत्तीसगड १ नोव्हेंबर २००० रोजी वेगळे राज्य झाले, तोवर या कुटुंबांची दुसरी पिढी भिलाईकर झालेली होती.

वसाहतीतील स्वस्त निवाऱ्यामुळे नोकरीच्या काळात घराचा खर्च फारसा जाणवत नाही. परिणामी घराचा निर्णय पुढे ढकलला जातो आणि पंचेचाळिशीनंतर, मुलांचे शिक्षण ऐन भरात असताना, कर्ज घेतले जाते. कर्जाची किंमत ठरविण्यात या वयाचा वाटा मोठा असतो.

हप्त्यामागील गणित

उदाहरणापुरते २५ लाख रुपयांचे कर्ज, २० वर्षांची मुदत आणि ८.५ टक्के व्याजदर धरू. मासिक हप्ता सुमारे २१,६९६ रुपये येतो. असे २४० हप्ते भरल्यावर एकूण परतफेड सुमारे ५२ लाख ७ हजार रुपये होते. त्यातील २७ लाख ७ हजार रुपये निव्वळ व्याज असते. म्हणजे घेतलेल्या मुद्दलापेक्षा व्याज जास्त.

पहिल्या हप्त्यातील १७,७०८ रुपये व्याजात जातात आणि मुद्दलातून केवळ ३,९८८ रुपये कमी होतात. व्याज शिल्लक मुद्दलावर आकारले जात असल्याने सुरुवातीच्या वर्षांत असेच घडते. पाच वर्षांत कर्जदार १३ लाखांहून अधिक रक्कम भरतो. तरीही मुद्दल फक्त २ लाख ९७ हजारांनी घटलेले असते. निम्मे मुद्दल फिटायला जवळपास चौदा वर्षे लागतात.

आता वयाचा विचार करू. हेच कर्ज ४५ व्या वर्षी घेतले, तर ६० व्या वर्षी निवृत्त होताना १० लाख ५७ हजार रुपये शिल्लक राहतात. उपदानाची, म्हणजे ग्रॅच्युइटीची, कायदेशीर कमाल मर्यादा २०१८ मध्ये २० लाख रुपये करण्यात आली. ही कमाल रक्कम हाती आली, तरी तिचा निम्म्याहून अधिक भाग कर्जात जाईल. कर्मचारी निवृत्तिवेतन योजनेत १५,००० रुपयांच्या वेतनमर्यादेवर ३५ वर्षांच्या सेवेला महिन्याला ७,५०० रुपये बसतात. वाढीव निवृत्तिवेतनाचा लाभ नसलेल्या कामगाराला या रकमेतून २१,६९६ रुपयांचा हप्ता भरणे अशक्य आहे.

मुदत वाढविण्याचा मोह

हप्ता जड वाटला की मुदत वाढविण्याचा सल्ला दिला जातो. वरील कर्ज २० ऐवजी ३० वर्षांसाठी घेतले, तर हप्ता सुमारे १९,२२३ रुपयांवर येतो. महिन्याला २,४७३ रुपयांचा दिलासा मिळतो, पण एकूण व्याज ४४ लाख २० हजारांवर पोहोचते. या दिलाशाची किंमत १७ लाखांहून अधिक होते. उलट १५ वर्षांची मुदत घेतल्यास हप्ता २४,६१८ रुपये होतो आणि व्याज १९ लाख ३१ हजारांवर थांबते. महिन्याला सुमारे २,९०० रुपये जास्त भरण्याची ताकद असेल, तर पावणेआठ लाख रुपये वाचतात.

याची दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. वीस वर्षांनंतरच्या रुपयाची किंमत आजच्या रुपयाएवढी नसते. महागाई सरासरी ५ टक्के धरली, तर ५२ लाखांच्या एकूण परतफेडीचे आजचे मोल सुमारे ३३ लाख रुपये भरते. शिवाय कर्ज घेतले नसते, तर भाडे भरावेच लागले असते. त्यामुळे व्याजाचा आकडा पाहून कर्ज टाळणे हा शहाणपणा नव्हे. मात्र ज्याचा पगार महागाईबरोबर वाढत नाही, त्याला हा दिलासा लागू होत नाही. कंत्राटी कामगार आणि निश्चित उत्पन्नावर जगणारे निवृत्त कर्मचारी यांना शेवटचा हप्ताही पहिल्या हप्त्याइतकाच जड जातो.

बदलता दर

भारतात बहुतांश गृहकर्जे बदलत्या व्याजदराची असतात. रिझर्व्ह बँकेने १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची अशी नवी कर्जे बाह्य निकषाशी जोडणे बंधनकारक केले. रेपो दर वर गेला की कर्जदाराचा दर वर जातो. मे २०२० ते मे २०२२ या काळात रेपो दर ४ टक्के होता. त्यानंतर अवघ्या नऊ महिन्यांत, फेब्रुवारी २०२३ पर्यंत, तो ६.५ टक्क्यांवर नेण्यात आला.

याचा परिणाम किती होतो? कोणी ७ टक्क्यांनी २० वर्षांसाठी २५ लाख घेतले असतील, तर त्याचा हप्ता १९,३८२ रुपये होता. दोन वर्षांनी दर ९.५ टक्के झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर उरलेली १८ वर्षांची मुदत ३७ वर्षांपलीकडे जाते. मूळ मुदतीतच कर्ज फेडायचे, तर हप्ता सुमारे २३,००० रुपये करावा लागतो. बँका सहसा हप्ता न बदलता मुदत वाढवीत. कर्जदाराच्या खात्यातून नेहमीचीच रक्कम वजा होत असल्याने हा बदल त्याच्या ध्यानातही येत नसे.

या तक्रारींनंतर रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी नवे निर्देश दिले. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, याची निवड कर्जदाराला द्यावी. स्थिर दराकडे वळण्याचा पर्याय द्यावा. आणि मुदत वाढविताना हप्त्यातून किमान व्याज तरी वसूल होईल याची काळजी घ्यावी, असे त्यांत म्हटले होते. २०२५ मध्ये चक्र उलटे फिरले. त्या वर्षी चार कपातींनंतर डिसेंबरमध्ये रेपो दर ५.२५ टक्क्यांवर आला. दर उतरल्यावर हप्ता तोच ठेवून मुदत कमी करून घेणाऱ्याचे व्याज अधिक वाचते. हप्ता कमी करून घेण्याकडे मात्र अनेकांचा ओढा असतो.

बाह्य निकषाची ही सक्ती बँकांपुरती आहे. गृहवित्त कंपन्या स्वतःच्या संदर्भ दरावर कर्ज देऊ शकतात. त्यामुळे रेपो दरातील कपात त्यांच्या ग्राहकापर्यंत पोहोचेलच, याची खात्री नसते.

एकच घर, दोन किमती

भिलाईत कायम कामगारांची संख्या घटत गेली आणि कंत्राटी कामगारांची वाढली. ज्याच्याकडे पगारपत्रक आहे, त्याला बँक दार उघडते. ज्याचे उत्पन्न रोखीचे किंवा ठेकेदारामार्फत येते, किंवा ज्याच्या भूखंडाच्या कागदपत्रांत डायव्हर्शनची, म्हणजे शेतजमिनीच्या वापरबदलाची, उणीव आहे, त्याला जास्त दराच्या कर्जाकडे वळावे लागते.

या फरकाचा हिशेब साधा आहे. १५ लाख रुपये २० वर्षांसाठी ८.५ टक्क्यांनी घेतले, तर एकूण ३१ लाख २४ हजार फेडावे लागतात. १२ टक्के दर असेल, तर ३९ लाख ६४ हजार. शेजारी शेजारी असलेल्या दोन सारख्या घरांसाठी कमी उत्पन्नाचे कुटुंब ८ लाख ४० हजार रुपये जास्त मोजते.

केंद्र सरकारने सप्टेंबर २०२४ मध्ये सुरू केलेल्या प्रधानमंत्री आवास योजना-शहरी २.० मध्ये व्याज अनुदानाची तरतूद आहे. वार्षिक ९ लाखांपर्यंत उत्पन्न, ३५ लाखांपर्यंत किमतीचे घर आणि २५ लाखांपर्यंत कर्ज असल्यास पहिल्या ८ लाखांवर ४ टक्के अनुदान मिळते. त्याची कमाल रक्कम १ लाख ८० हजार असून ती पाच वार्षिक हप्त्यांत दिली जाते. मदत मोलाची आहे. परंतु वरील दरफरकाच्या चौथ्या हिश्शाएवढीही ती नाही.

हप्त्याबाहेरचा खर्च

मुद्रांक शुल्क आणि रजिस्ट्रीचा खर्च घराच्या किमतीत धरून त्यावर कर्ज देण्यास सामान्यतः मनाई आहे. १० लाखांपर्यंतच्या घरांना त्यातून सवलत आहे. शिवाय ३० लाखांपर्यंतच्या कर्जातही किमान १० टक्के रक्कम स्वतःची लागते. छत्तीसगडमध्ये २०१९ पासून जमिनीच्या मार्गदर्शक दरांत असलेली ३० टक्के सूट १ एप्रिल २०२४ पासून संपली आणि रजिस्ट्रीचा खर्च वाढला. बांधकाम सुरू असलेल्या सदनिकेवर ५ टक्के, तर परवडणाऱ्या गटातील घरावर १ टक्का वस्तू व सेवा कर लागतो. बांधकाम पूर्णत्वाचा दाखला मिळाल्यानंतर विकलेल्या घरावर तो लागत नाही.

कर्जाबरोबर विमा घेण्याचाही आग्रह होतो. ६० हजारांचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळविला, तर ८.५ टक्क्यांनी २० वर्षांत त्याचे सव्वा लाख होतात. कर्त्या माणसाचा विमा हवाच. तो स्वतंत्रपणे, वार्षिक हप्त्याने घेता येतो का, हे मात्र विचारून घ्यावे.

करसवलतीचा आधारही आता पूर्वीसारखा राहिलेला नाही. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या कर्जावरील २ लाखांपर्यंतचे व्याज वजा होते. आर्थिक वर्ष २०२३-२४ पासून नवी प्रणाली आपोआप लागू होते आणि तिच्यात राहत्या घरासाठी ही वजावट नाही. 'कर वाचतो म्हणून कर्ज' हा जुना सल्ला त्यामुळे तपासून घ्यावा लागेल.

कर्जदाराच्या हाती काय?

अमेरिकेत कर्जाचा सर्व खर्चासह वार्षिक दर ग्राहकाला सांगण्याची सक्ती करणारा कायदा १९६८ मध्ये झाला. भारतात गृहकर्जासह सर्व नव्या किरकोळ मुदत कर्जांसाठी अशी व्यवस्था १ ऑक्टोबर २०२४ पासून लागू झाली. मुख्य तथ्य विवरणपत्र नावाचा हा कागद कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत द्यावा लागतो. त्यात सर्व शुल्कांसह वार्षिक दर आणि परतफेडीचे वेळापत्रक असते. विवरणपत्रात नसलेले शुल्क कर्जदाराच्या स्पष्ट संमतीविना आकारता येत नाही. दोन संस्थांच्या कर्जांची तुलना करायची, तर ती या दरावर करावी. जाहिरातीतील दर त्यासाठी पुरेसा नाही.

बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जाच्या मुदतपूर्व परतफेडीवर बँकांना २०१२ पासून दंड आकारता येत नाही. सुरुवातीच्या उदाहरणात दरवर्षी एक जादा हप्ता भरला, तर कर्ज सव्वातीन वर्षे आधी फिटते आणि पाच लाखांहून थोडे अधिक वाचतात. बोनसचा काही भाग त्या कामी लावणे भिलाईतील कामगाराला अशक्य नाही. कर्ज फिटल्यावर मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत मिळाली पाहिजेत. संस्थेच्या दोषामुळे विलंब झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाई देण्याचा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे.

नियम कागदावर आले आहेत. त्यांचा उपयोग कर्जदार किती करतो, यावर पुढचे सारे अवलंबून आहे. कोहक्यात घर घेऊ पाहणाऱ्याने सही करण्यापूर्वी परतफेडीच्या वेळापत्रकातील एकच ओळ शोधावी. आपण निवृत्त होऊ त्या महिन्यासमोर किती मुद्दल शिल्लक दिसते? तो आकडा भविष्य निर्वाह निधी आणि उपदानाशी ताडून पाहावा. तो पेलवणारा नसेल, तर घर लहान घ्यावे, मुदत कमी करावी किंवा स्वतःची रक्कम वाढवावी. हा निर्णय पंचेचाळिशीत घेणे कठीण असते. साठीनंतर तो घेण्याची संधीच उरत नाही.