गोरेपणाचे मोल

रविवारच्या वृत्तपत्रातील वधू-वर जाहिराती पाहा. शिक्षण व नोकरीच्या आधी ‘गोरी’ हे विशेषण आजही पुष्कळदा दिसते. घरातील मुलीच्या कानी ते लहानपणापासूनच पडत असते. ‘रंग जरा उजळ असता तर!’ हे वाक्य बहुधा आपल्याच पिढीच्या तोंडचे असते.

२०२३च्या प्रारंभी अकोल्यातील एका कुटुंबाची हकिकत वृत्तपत्रांत आली. तरुण मुलीने ब्यूटी पार्लरमधून आणलेले त्वचा उजळवणारे क्रीम आई आणि बहीणही लावू लागल्या. काही महिन्यांत तिघींच्याही मूत्रपिंडांना इजा झाली. मुंबईच्या केईएम रुग्णालयातील तज्ज्ञांनी कारणाचा शोध घेतला, तेव्हा त्या क्रीममध्ये पारा आढळला.

त्वचेला रंग देणारे मेलॅनिन तयार होण्याची क्रिया पारा रोखतो. म्हणून चेहरा खरोखरच उजळतो आणि विश्वास बसतो. परंतु तोच पारा त्वचेवाटे रक्तात उतरतो व मूत्रपिंडाची गाळणी बिघडवतो. मग लघवीतून प्रथिने वाहून जाऊ लागतात. अशा क्रीममध्ये पारा मिसळण्यास आपल्याकडे कायद्याने बंदी आहे. नकळत आलेला अंशही दहा लाख भागांत १ भागाहून अधिक चालत नाही.

म्हणून घरातील डबी एकदा हाती घेऊन पाहा. उत्पादकाचा पत्ता, घटकद्रव्ये वा बॅच क्रमांक नसेल, तर ती वापरू नये. काही क्रीममध्ये स्टेरॉइड असते. वार्धक्यात आधीच नाजूक झालेली त्वचा त्याने अधिक पातळ होते. सकाळी पापण्या सुजणे, पायांवर सूज, लघवीला फेस येणे, नव्याने वाढलेला रक्तदाब यांपैकी काही जाणवल्यास क्रीम तत्काळ थांबवावे आणि डबीसह डॉक्टरांकडे जावे. लघवीची साधी तपासणीही पहिली दिशा दाखवते. वेळीच क्रीम थांबवल्यास अनेक रुग्ण बरे होतात.

पायांना सूज घेऊन आलेल्या तरुणीला मी आता ‘चेहऱ्याला काय लावता?’ असेही विचारतो. उत्तर देताना ती पुष्कळदा सोबतच्या आईकडे पाहते. आजी-आजोबांनो, तुमच्या शब्दाला घरात मान आहे. पुढच्या वेळी नातीच्या रंगाचा विषय निघाला, तर तो तिथेच थांबवा. ती ऐकत असते.